पितृऋणाचे तारण

मांजरीसारख्या गावात घरचा कर्ता पुरुष वारला की दोन दफ्तरे पाठोपाठ उघडतात. पहिले क्रियाकर्म सांगणाऱ्या गुरुजींचे. त्यात मृताचे नाव, गोत्र, त्याचा पिता, पितामह आणि प्रपितामह यांची विचारणा होते आणि अग्नी कोणी दिला, पिंड कोण देणार, हे ठरते. दुसरे तलाठ्याचे, त्यात गाव नमुना सहा-क या वारस नोंदवहीत मागे राहिलेली पत्नी, मुलगे आणि मुली यांची नावे चढतात आणि चौकशीअंती फेरफार मंजूर होऊन ती सातबाऱ्यावर येतात. मुळा-मुठेच्या एका तीरावर मांजरी बुद्रुक, दुसऱ्या तीरावर मांजरी खुर्द. एके काळी उसाचे फड, द्राक्षसंशोधनाचे मळे आणि साखरशास्त्राची संस्था यांनी ओळखला जाणारा हा टापू आता गृहसंकुलांनी भरत आला आहे, आणि २०२१ साली मांजरी बुद्रुक पुणे महापालिकेच्या हद्दीतही गेले. परंतु जमिनीचा भाव एकरावरून चौरस फुटावर आला म्हणून या दोन दफ्तरांची वहिवाट मोडलेली नाही. दोन्हींना एकच जाणून घ्यायचे असते: गेलेल्या माणसाच्या मागे कोण आहे?

विशेष असे की, मागे राहिलेला मुलगा विवाहित आहे की अविवाहित, हा प्रश्न या दोहोंपैकी एकही दफ्तर त्याचा अधिकार ठरविताना विचारत नाही. तो प्रश्न विचारते ते तिसरे दफ्तर, जे कोठेही लिहिलेले नसते आणि ज्याची मुदत कधी संपत नाही: भावकीचे. सुतकाच्या सतरंजीवर बसलेल्या मुलाला चुलता, मामा, आत्या, गावचे चार जाणते एकामागून एक विचारतात की, बाबा, वय किती झाले, अजून का थांबला आहेस, आईकडे आता कोण बघणार? आणि तो मुलगा स्त्रीशी संसार करण्याच्या घडणीचाच नसेल, त्याचे मन पुरुषावर जडणारे असेल, तर या प्रश्नाला खरे उत्तर देणे त्याला त्या सतरंजीवर अशक्य होते आणि खोटे उत्तर देणे आयुष्यभर महाग पडते. धर्मविचाराचा जो प्रश्न मला येथे मांडावयाचा आहे तो हाच: जो मुलगा वंश पुढे चालविणार नाही, तो पित्याच्या ऋणातून मोकळा होतो की नाही, आणि होत नसेल, तर ते ऋण फेडण्यासाठी तो काय गहाण टाकू शकतो?

या प्रश्नाला अलीकडे एका मराठी चित्रपटाने नेमके सुतकाच्या दहा दिवसांतच उभे केले आहे. रोहन परशुराम कानवडे यांचा ‘साबर बोंडं’ जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात दाखविला गेला आणि तेथे जागतिक कथापट विभागातील परीक्षकांचा सर्वोच्च पुरस्कार त्याने मिळविला. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात तो आपल्याकडे प्रदर्शित झाला. मुंबईत राहणारा आनंद वडिलांच्या मृत्यूनंतर आईसह मूळ गावी येतो, दहा दिवसांचे नियम पाळतो, नातेवाइकांकडून लग्नाचा लकडा सोसतो, आणि बाल्या नावाच्या शेतकरी मित्राच्या सहवासात त्याला त्या परक्या झालेल्या गावात एक आपले माणूस सापडते. दिग्दर्शकाने स्वतःच्या वडिलांच्या निधनानंतर अनुभवलेल्या दिवसांतून ही कथा उगवली आहे. मुलगा कसा आहे हे त्याच्या आईबापांना ठाऊक असणे आणि त्यांनी त्याला दूर न लोटणे, ही या कथेतील सर्वांत विचारप्रवर्तक गोष्ट आहे. कारण त्यामुळे संघर्षाची जागा बदलते. तो बाप आणि मुलगा यांच्यात न राहता एका बाजूला माता-पुत्र आणि दुसऱ्या बाजूला भावकी, असा उभा राहतो.

या विषयाला मराठी मन अगदीच अपरिचित होते असे नाही. विजय तेंडुलकरांचे ‘मित्राची गोष्ट’ १९८१ साली रंगभूमीवर आले. पुण्यातल्या एका मध्यमवर्गीय घरातील भाऊ आणि बहीण एकाच तरुणाच्या प्रेमात पडतात ती सचिन कुंडलकरांची ‘कोबाल्ट ब्लू’ ही कादंबरी २००६ साली प्रसिद्ध झाली. आणि पुण्यातच बिंदुमाधव खिरे यांनी २००२ साली समपथिक ट्रस्ट स्थापन करून या माणसांना आणि त्यांच्या पालकांना बोलण्याची एक जागा उपलब्ध करून दिली. तमिळ भाषेत लोकेश कुमार यांच्या ‘एन मगन मगिळवन’ या चित्रपटाने मुलाचे सत्य कळल्यावर कोसळणारी आणि पुढे सावरणारी आई दाखविली, तर मल्याळम ‘कादल’ने २०२३ साली पत्नीची बाजू मांडली, तिच्याकडे मी पुढे येणार आहे. परंतु या साऱ्यांत ‘साबर बोंडं’चे वेगळेपण असे की, त्याने ही गोष्ट क्रियाकर्माच्या चौकटीत आणून ठेवली, आणि त्यामुळे ज्या धर्माच्या नावाने नातेवाईक बोलतात त्याच धर्माकडे या प्रकरणात साक्ष मागण्याची संधी आपल्याला मिळाली.

साक्ष मागावयाची तर मीमांसकांच्या शिस्तीने मागावी. प्रथम पूर्वपक्ष मांडावा, आणि तो दुबळा करून मांडू नये. पूर्वपक्ष असा. तैत्तिरीय संहितेत सांगितले आहे की, ब्राह्मण जन्मतःच तीन ऋणे घेऊन येतो. ऋषींचे ऋण ब्रह्मचर्याने, देवांचे यज्ञाने आणि पितरांचे प्रजेने फिटते. पुढे स्मृतिकारांनी आणि लोकरूढीने ही कल्पना सर्व गृहस्थांपर्यंत विस्तारली. या कल्पनेत एक मोठे नैतिक सत्य आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही. माणूस स्वयंभू नाही. त्याचा देह, त्याची भाषा, त्याच्या पोटात गेलेला पहिला घास हे सारे कोणाचे तरी देणे आहे, आणि ज्यांनी दिले ते बहुधा परतफेड घेण्यास हजर नसतात. म्हणून ती पुढच्या पिढीला करावी, हा विचार उदात्त आहे. जो मुलगा म्हणतो की माझे आयुष्य केवळ माझे आहे, त्याच्यापेक्षा जी म्हातारी सुतकात म्हणते की वंशाला दिवा हवा, तिच्याजवळ मानवी जीवनाचे आकलन अधिक खोल असण्याचा संभव आहे. शिवाय तिच्या म्हणण्यामागे व्यवहारही आहे. उतारवयातील आधार, शेताचा वहिवाटदार, दिवसांना पान मांडणारा कोणी, या गरजा कल्पित नाहीत.

या पूर्वपक्षाला रूढीचे जे बळ मिळते ते दहाव्या दिवशी नदीकाठी पाहावे. पिंड मांडले जातात, मंडळी मागे सरून उभी राहतात, आणि कावळ्याची वाट पाहणे सुरू होते. कावळा शिवेना झाला की मृताची इच्छा मागे राहिली असे समजून एकेक जण पुढे होऊन हमी देऊ लागतो: थोरलीला अंतर देणार नाही, घराचे काम पुरे करू, आणि घरात अविवाहित मुलगा असला तर कोणी तरी हमखास म्हणतो, ‘अण्णा, पोराचं लग्न वर्षाच्या आत लावतो, काळजी करू नका.’ बाप गेल्यावर मंगलकार्य वर्षाच्या आत उरकावे, नाही तर तीन वर्षे थांबावे, हा समज त्या घाईत भर घालतो. तेवढ्यात कावळा आला, तर मृताने मुलाच्या लग्नाचा फैसलाच दिला असे होते. त्या फैसल्यावर अपील कोठे करावे, हे त्या मुलाला कोणी सांगत नाही.

आता उत्तरपक्ष. पुत्राचा पुत्रपणा कशाने सिद्ध होतो, हा प्रश्न आपल्या शास्त्रकारांनी केवळ भावनेवर सोडला नाही. तो दायभागाच्या, म्हणजे वाटणीच्या संदर्भात अत्यंत काटेकोरपणे तपासला. बंगालात जीमूतवाहनाने वारसाहक्काचा पाया पिंडदानाने होणाऱ्या उपकारात पाहिला. परंतु दख्खनमध्ये ज्याचा अंमल चालला त्या विज्ञानेश्वराच्या मिताक्षरेने सपिंडाचा अर्थ देहाच्या अवयवांचे एकत्व असा केला, आणि वडिलोपार्जित मिळकतीत मुलाचे स्वत्व जन्मानेच उत्पन्न होते, असा सिद्धांत मांडला. या सिद्धांताचे तात्पर्य मिळकतीपुरते मर्यादित नाही. मुलगा काही करून दाखवील तेव्हा मुलगा ठरेल, असे मिताक्षरा म्हणत नाही; तो जन्मला त्या क्षणीच तो पूर्ण मुलगा आहे. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार अधिनियमाने आणि २००५ साली मुलीला समान सहदायक करणाऱ्या दुरुस्तीने या परंपरेत फार मोठे फरक केले, पण सहदायकाचा हक्क जन्माने येतो हे तत्त्व मोडले नाही, आणि वारसाला विवाहाची अटही घातली नाही. तलाठी अविवाहित मुलाचे नाव अडवीत नाही, त्यामागे नऊशे वर्षांची विद्वत्ता उभी आहे. त्याला ती ठाऊक असो वा नसो.

वंशाचा प्रश्न मात्र यावर राहतोच, आणि त्याबाबत धर्मग्रंथ आपल्या भावकीहून पुष्कळ उदार आहेत. कमलाकरभट्टांचा ‘निर्णयसिंधु’ १६१२ मधला. हे भट्ट घराणे मूळचे पैठणचे. काशीनाथ उपाध्यायांचा ‘धर्मसिंधु’ अठराव्या शतकाच्या अखेरीस पंढरपुरात सिद्ध झाला. या दोन ग्रंथांवर महाराष्ट्रातील गुरुजींचा आजही भर असतो. अंत्यक्रियेचा अधिकार कोणाला, याची त्यांतील परंपरा पुत्रापासून सुरू होऊन पौत्र, पत्नी, कन्या, दौहित्र, बंधू, पुतणे, शिष्य, मित्र अशी लांबत जाते आणि कोणीच नसेल तेव्हा राजाने करवावी येथपर्यंत पोहोचते. म्हणजे निपुत्रिकाचे प्रेत वाऱ्यावर पडेल ही भीती शास्त्राला नव्हती; तिची तरतूद शास्त्राने करून ठेवली होती. श्राद्धात नावाने आवाहन होते ते तीन पिढ्यांचे. सपिंडीकरणात नवा पितर आपल्या तीन पूर्वजांत मिळतो, आणि जो सर्वांत जुना असतो तो नावानिशी पिंड घेण्याच्या पंक्तीतून उठतो. दहा मुलांच्या बापालाही अखेर त्या अनाम समुदायातच जायचे असते. वंशाच्या अखंडतेची जी प्रतिमा आपण उराशी धरतो तिला विधीत तीन पिढ्यांपलीकडे नाव उरत नाही.

आणि भीष्म? त्याने विवाह केला नाही, त्याला संतती नव्हती, आणि ज्या शंतनूचे ऋण त्याने प्रजेने फेडायचे होते, त्याच शंतनूच्या इच्छेसाठी तो निःसंतान राहिला. शास्त्रकारांनी त्याला दुर्गतीस पाठविले काय? त्यांनी माघ शुद्ध अष्टमीला भीष्मतर्पण सांगितले आणि त्याच्या गोत्राचे नसलेल्यांनीही त्याला पाणी द्यावे अशी व्यवस्था लावली. एका निपुत्रिकाचे तर्पण साऱ्या समाजाने वाटून घेतले. नित्याच्या तर्पणातही ज्यांना कोणी बांधव नाही त्यांच्यासाठी पाणी सोडले जाते आणि गयेला अशांच्या नावे पिंड पडतात. नदीकाठी कावळा नाहीच आला, तर दर्भाचा कावळा करून त्याच्याकडून पिंडाला स्पर्श करवितात. मृताची अतृप्ती अनंतकाळ ताणावी आणि तिच्या बळावर जिवंतांकडून हवी ती कबुली घ्यावी, असा विधीचा हेतू असता, तर हा उपाय त्याने कशाला सांगितला असता?

येथे प्रतिपक्षी दुसरा मुद्दा काढील. भीष्म ब्रह्मचारी होता. प्रस्तुत मुलाचे प्रेम निषिद्ध आहे, त्याला भीष्माची उपमा कशी शोभेल? निषेध आहे, हे खरे. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायात पुरुषाशी पुरुषाचा संबंध एका ठिकाणी जातिभ्रंश करणाऱ्या कर्मांत गणला आहे, आणि त्याच अध्यायात पुढे त्याचे प्रायश्चित्त म्हणून वस्त्रांसह स्नान सांगितले आहे. बैलगाडीत, पाण्यात किंवा दिवसा केलेल्या स्त्रीसंगाचाही त्याच पंक्तीत उल्लेख आहे. ग्रंथाला अनुकूल तेवढे घेऊन प्रतिकूल ते दडविण्याचा मार्ग मी स्वीकारीत नाही. परंतु ज्या गोष्टीला हा ग्रंथ अंगावरच्या कपड्यांनिशी केलेल्या एका स्नानात आटोपतो, त्या गोष्टीसाठी मुलाला घराबाहेर काढणारा मनुष्य मनूच्या आधाराने बोलत नाही, एवढे निश्चित. या संबंधाला जन्मठेपेपर्यंत शिक्षेचा गुन्हा ठरविणारे कलम १८६० च्या दंडसंहितेबरोबर आले. इंग्रज सरकारने आणलेले ते ३७७ वे कलम पुढे आपण पूर्वजांचा वारसा म्हणून सांभाळले. महाराष्ट्रात या भ्रमाला पहिला जाहीर छेद देणाऱ्यांत र. धों. कर्वे अग्रभागी होते. त्यांच्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकावर १९३४ साली अश्लीलतेचा जो खटला चालला त्यात वाचकांच्या लैंगिक शंकांना, त्यांत समलिंगी आकर्षणाविषयीच्या शंकेलाही, दिलेली उत्तरे वादाचा विषय होती, आणि कर्व्यांचे वकीलपत्र घेतले होते ते डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. हॅवलॉक एलिससारख्या अभ्यासकांचा आधार घेऊन त्यांनी प्रतिपादिले की, निसर्गतःच ज्यांची इच्छा अशी आहे त्यांना दोषी धरता येत नाही. खटला ते हरले, कर्व्यांना दंड झाला. पण बाबासाहेबांनी जे तेव्हा मांडले, त्याच दिशेचा निर्णय ६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी एकमताने दिला, आणि तोवर चौऱ्याऐंशी वर्षे लोटली होती.

तिसरा आक्षेप अधिक सौम्य आहे आणि म्हणूनच अधिक फसवा. तो म्हणतो, ठीक आहे, लग्न करू नकोस. पण मग एकटा रहा, देवधर्म कर, समर्थांसारखा. बोहल्यावरून पळालेल्या नारायणाला आपण समर्थ म्हणतो, हे खरेच. रामाच्या नावाने मांडव सोडला तर समाज क्षमा करतो आणि सत्याच्या नावाने मांडवात शिरण्याचे नाकारले तर करीत नाही, ही विसंगती विचार करण्याजोगी आहे. परंतु वैराग्य ही दुसऱ्यावर लादण्याची वस्तू नव्हे. जाबाल उपनिषद संन्यासाची वेळ ठरविते ती वैराग्याच्या उदयावरून. वैराग्य उपजेल त्या दिवशी निघावे. जे उपजलेच नाही, ते दुसऱ्याच्या सोयीसाठी पाळावयास लावणे म्हणजे भगवद्गीतेने ज्याला मिथ्याचार म्हटले त्याचीच दीक्षा देणे. इंद्रिये आवळलेली आणि मन विषयांतच घोटाळणारे, अशा अवस्थेला कोणताही आश्रम आपले नाव देणार नाही. जो संन्यास घेऊ इच्छितो त्याने घ्यावा. जो एका मनुष्यावर निष्ठेने प्रेम करू इच्छितो, त्याला ब्रह्मचर्याची शिक्षा सुनावण्याचा अधिकार भावकीच्या दफ्तरात नाही.

एवढ्याने पूर्वपक्षाचा आधार बराचसा सुटतो. परंतु माझा मुख्य मुद्दा अजून यावयाचा आहे, आणि तो त्या मुलाविषयी नसून दुसऱ्या एका व्यक्तीविषयी आहे, जिचे नाव सुतकाच्या सतरंजीवर कोणीच घेत नाही. ती म्हणजे वर्षाच्या आत ज्या लग्नाचे आश्वासन मृताला दिले गेले, त्या लग्नातील मुलगी. ती कदाचित थेऊरच्या बाजूची असेल, कदाचित यवतची. तिच्या बापाने सोयरीक जमवताना जमीन, नोकरी, पुण्यातला फ्लॅट आणि पत्रिका पाहिली असेल. विवाहविधीत कन्यादानाच्या वेळी वराकडून वचन घेतात की धर्म, अर्थ आणि काम या तिन्हींत तो हिला डावलणार नाही, आणि वर ते वचन देतो. ज्याला स्वतःला ठाऊक आहे की तिसऱ्या पुरुषार्थातील आपले वचन खोटे आहे, आणि त्याच्या ज्या वडीलधाऱ्यांना ते ठाऊक असून ज्यांनी अक्षता हाती घेतल्या आहेत, ते सर्व अग्नीसमोर असत्य बोलत असतात. नारदस्मृती तर कन्या देण्यापूर्वी वराची दांपत्ययोग्यता तपासण्यास सांगते. तिची भाषा आज आपल्याला ग्राह्य वाटणार नाही, तिचे वर्गीकरणही नाही, पण कन्येला फसवून तिचे आयुष्य दुसऱ्याच्या घरच्या अडचणीत ओतू नये, हा त्यातील विवेक जुना झालेला नाही. ‘कादल’मध्ये वीस वर्षांच्या संसारानंतर न्यायालयाची पायरी चढणारी ओमना नवऱ्याचा द्वेष करीत नाही; ती केवळ आपल्या आयुष्याचा हिशेब मागते, आणि तो मागण्याचा तिचा हक्क नवऱ्याच्या दुःखाइतकाच खरा ठरतो.

मराठी परंपरेत याचा सर्वांत प्रसिद्ध दाखला मांजरीपासून फार दूर नाही. तो आळंदीचा आहे. विठ्ठलपंतांनी विवाहित असून ती गोष्ट दडवून काशीस संन्यास घेतला, आणि त्यांच्या गुरूंना आळंदीत रुक्मिणीबाईंची गाठ पडल्यावर सत्य कळले, असे चरित्रकार सांगतात. संन्यासासारख्या उच्च आश्रमाचा मान राखून गुरूंनी दोघांचे दुःख झाकून ठेवले काय? त्यांनी विठ्ठलपंतांना परत पत्नीकडे पाठविले. स्त्रीला अंधारात ठेवून साधलेले पुण्य त्यांना पुण्य वाटले नाही. नंतर ब्रह्मवृंदाने त्या कुटुंबाला बहिष्कृत केले आणि त्यातील तिन्ही मुलग्यांना मुंजीचा अधिकार नाकारला, आणि तरीही ज्ञानेश्वरी त्याच घरातून आली. या कथेतील दोन निकालांकडे पाहावे: गुरूंचा निकाल पत्नीच्या बाजूने सत्याचा होता, धर्मसभेचा निकाल मुलांच्या विरुद्ध प्रतिष्ठेचा होता. महाराष्ट्राने यांपैकी कोणता आपला मानला, हे आषाढीला सोलापूर रस्त्याने तुकोबांची पालखी मांजरी फाट्यावरून लोणी काळभोरकडे जाते तेव्हा ‘ज्ञानोबा-तुकाराम’ या गजरात कोणाचे नाव आधी येते, यावरून कळते.

मीमांसेत प्रतिनिधीचा एक विचार आहे. यज्ञाचे एखादे द्रव्य मिळाले नाही तर त्याच्या जागी सदृश द्रव्य चालते; तांदूळ नसेल तर नीवार, सोम नसेल तर पूतिका. परंतु यजमानाला प्रतिनिधी नाही. ज्याचे कर्म त्यानेच ते करावयाचे, हे जैमिनीने सहाव्या अध्यायात निक्षून सांगितले आहे. पितृऋण हे मुलाचे कर्म आहे. त्याची परतफेड तो आईची शुश्रूषा करून, धाकट्यांना शिकवून, पित्याचे नाव सचोटीने चालवून, जमिनीचा बांध न कोरता राखून, दिवस घालून, दत्तक घेऊन, विद्या देऊन, जशी जमेल तशी करू शकतो. परंतु ते ऋण दुसऱ्याच्या मुलीकडून वसूल करण्याचा त्याला, त्याच्या आईला किंवा त्याच्या चुलत्याला अधिकार नाही. देणे एका घराचे आणि तारण ठेवले दुसऱ्या घरच्या मुलीचे आयुष्य, असा दस्तऐवज कोणत्याही न्यायाधीशासमोर टिकणार नाही. धर्मासमोर कसा टिकावा?

आणि यासाठी नवा धर्म शोधण्याचीही गरज नाही. शतपथ ब्राह्मणात तीन ऋणांच्या जोडीला चौथे सांगितले आहे: मनुष्याचे ऋण, जे माणसांना आसरा आणि अन्न देऊन फेडावयाचे. आपल्या बोलण्यात तीनच ऋणे उरली, चौथे विसरले. कदाचित पहिल्या तिहींचे धनको अदृश्य असल्यामुळे त्यांच्या नावाने बोलणे सोपे जाते, आणि चौथ्याचा धनको समोर डोळ्यांत डोळे घालून उभा असतो म्हणून. परंतु ज्या कुटुंबात तिसरे ऋण फेडण्यासाठी चौथे बुडविले जाते, तेथे एक ऋण फिटत नाही आणि दुसरे दुप्पट होते. सासरी येणारी मुलगी हा त्या चौथ्या ऋणाचा पहिला धनको आहे. घरचा मुलगाही त्याच ऋणाचा धनको आहे. त्यालाही आसरा हवा असतो, आणि तो प्रथम आईबापांकडेच मागतो.

म्हणून आनंदच्या आईसारखी जी आई मुलाचे सत्य जाणून त्याच्या बाजूला बसते, तिला मी केवळ वत्सल म्हणणार नाही. वात्सल्य पुष्कळ आयांत असते, आणि वात्सल्यापोटीच पुष्कळ आयांनी मुलांची लग्ने लावून दिली आहेत, या आशेने की संसारात पडल्यावर सारे ठीक होईल. त्या आईचे धैर्य याहून अधिक आहे. पोराचं लग्न लावा, असे भोवतालचे सगळे म्हणत असता ती त्याला त्या मांडवात ढकलीत नाही, आणि तसे करून एका अनोळखी मुलीलाही वाचविते. तिच्या त्या शांत नकारात दोन घरांचे हित आहे. विश्वनाथ काशीनाथ राजवाड्यांनी भारतीय विवाहसंस्थेचा इतिहास लिहून दाखविले की ही संस्था आजच्या रूपात आकाशातून पडलेली नाही, तिने अनेक रूपे बदलली. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोश्यांनी वाईहून धर्माची समीक्षा करून दाखविले की धर्माला प्रश्न विचारणे हेही धर्माचेच काम आहे. हा वारसा आपल्याजवळ असता, वर्षाच्या आत लग्न या एका वाक्याला शास्त्र मानून बसणे आपल्याला शोभत नाही.

राज्यसंस्थेकडून याचा निकाल आज लागणार नाही. १७ ऑक्टोबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अशा जोडप्यांच्या विवाहाला मान्यता देण्याचे नाकारून तो विषय विधिमंडळाकडे सोपविला, आणि विधिमंडळे सावकाश चालतात. परंतु मांजरीच्या नदीकाठी दहाव्या दिवशी काय बोलावे, हे ठरविण्यासाठी कोणत्याही अधिनियमाची वाट पाहावी लागत नाही. मृताला आश्वासनच द्यावयाचे असेल तर चुलत्याने एवढेच म्हणावे की, तुझ्या मुलाला आम्ही अंतर देणार नाही आणि त्याच्या नावाने कोणाची मुलगी फसविणार नाही. हे वचन पाळण्याजोगे आहे, त्याला वर्षाची मुदत लागत नाही, आणि ज्याला ते ऐकून कावळा शिवणार नाही अशी भीती वाटते, त्याच्यासाठी दर्भाच्या कावळ्याची सोय चालत आलेली आहेच.